काकांचा पोलिश कवी

माझ्या पहिल्या नोकरीतल्या पहिल्या पत्रातले एकोणीस शब्द काकांनी खोडले. पत्र एकूण त्रेचाळीस शब्दांचं होतं. क्लायंटला ड्रॉइंग पाठवताना सोबत जोडायचं, अगदी साधं पत्र. मी त्यात 'अत्यंत आदरपूर्वक' आणि 'आपल्या बहुमोल सहकार्याबद्दल' या धाटणीचं बरंच काही इंग्रजीत घातलं होतं. काकांनी लाल पेन्सिलीने एकेक शब्दावर रेघ मारली आणि कागद माझ्यासमोर ठेवला.

"पोरी, आता वाच. काही कमी झालं का?"

काही कमी झालं नव्हतं. मला रागच आला. मी अबुधाबीत वाढलेली, इंग्रजी हीच माझी भाषा, आणि हा कोल्हापूरकडचा माणूस माझं इंग्रजी तपासणार?

ऑफिस एका बांधकाम कंपनीचं होतं. काका, ऑफिसात सगळे त्यांना तसंच म्हणायचे, तिथे पत्रव्यवहार सांभाळायचे. केबिन नाही, खिडकी नाही, झेरॉक्स मशीनशेजारी टेबल. पण कंपनीतून बाहेर जाणारा प्रत्येक कागद त्या टेबलावरून जायचा. मी त्यांच्या हाताखाली होते. ते माझ्याशी मराठीत बोलायचे, मी इंग्रजीत उत्तर द्यायचे, घरी आईला द्यायचे तसंच. त्यांनी कधी हटकलं नाही. एकदाच म्हणाले, "इंग्रजीत बोल की. फक्त थोडक्यात बोल."

आमचे प्रोजेक्ट मॅनेजर जॉर्डनचे होते. कामाला उशीर झाला होता, पण चूक आमची नव्हती, आणि क्लायंटकडून मुदतवाढ हवी होती. त्यांनी रात्रंदिवस खपून चार पानांचं पत्र लिहिलं आणि काकांकडे टाइप करायला दिलं. काकांनी त्याच्या सहा ओळी केल्या. मॅनेजर कागद उलटापालटा करून बघत राहिले.

"हबीबी, माझं पत्र कुठे आहे?"

"हेच आहे," काका म्हणाले.

"आणि बाकीचं?"

"बाकीचं पत्र नव्हतं. राग होता."

मॅनेजरनी त्या सहा ओळी परत वाचल्या. मग त्यांनी सही केली. त्याच आठवड्यात मुदतवाढ मिळाली. त्यानंतर मॅनेजर लांबलचक पत्र लिहायचे, स्वतःच हसायचे आणि काकांच्या टेबलावर ठेवताना म्हणायचे, "यल्ला, काप."

हे सगळं काका कुठे शिकले ते मला बरेच दिवस माहीत नव्हतं. माझी गाडी गॅरेजमध्ये गेली तेव्हा कळलं. मी आईवडिलांबरोबर शहराबाहेर खलिफा सिटीत राहायचे, काकाही तिथेच, एका व्हिलातल्या खोलीत. मी कितीदा तरी त्यांना लिफ्ट देऊ केली होती, पण ते बसनेच यायचे. आठवडाभर मीही त्यांच्याबरोबर बसने गेले. पहिल्याच दिवशी सीटवर बसल्याबरोबर त्यांनी पिशवीतून एक पुस्तक काढलं. कव्हर गेलेलं, पानं दोऱ्याने शिवलेली. सोबत एक वही आणि पेन्सिल.

"हे काय?" मी विचारलं.

"पोलिश," ते म्हणाले. जसं काही लोकसत्ता म्हणावं तसं.

त्याची गोष्ट अशी. दुसऱ्या महायुद्धात कोल्हापूरजवळ वळिवड्याला पोलंडहून आलेल्या निर्वासितांची छावणी होती. काकांच्या आजोबांची बेकरी होती आणि छावणीत त्यांचा पाव जायचा. युद्ध संपलं, ती माणसं निघून गेली, पण काही शब्द काकांच्या घरात राहिले. त्यांचे वडील शेवटपर्यंत पावाला 'ख्लेब' म्हणायचे. काका पुढे नोकरीसाठी अबुधाबीत आले, शहरापासून लांब वाळवंटातल्या एका साईटवर. तिथे वेल्डिंग तपासायला आलेला एक पोलिश इन्स्पेक्टर त्यांच्या केबिनमध्ये राहायला आला. पहिल्या दिवशी मेसमध्ये काका सहज म्हणाले, "ख्लेब द्या इकडे," आणि तो माणूस घास हातात धरून थांबला. दोन वर्षं दोघं एकत्र राहिले. काका त्याच्याकडून रोज संध्याकाळी पोलिश शिकले. तो परत जाताना हे पुस्तक ठेवून गेला.

पुस्तक एका कवीचं. त्याचं नाव काका घ्यायचे नाहीत, नुसतं 'आमचा कवी' म्हणायचे. मीही ती सवय मोडत नाही.

त्या आठवड्यात रोज एक तास मी त्या कवीचं आयुष्य ऐकलं. युद्ध सुरू झालं तेव्हा तो सोळा वर्षांचा. युद्ध संपल्यावर बहिणीला शोधायला तो चालत राजधानीत आला. राजधानी उरलीच नव्हती, नुसते ढिगारे. बहीण सापडली नाही. मग तो ढिगाऱ्यातल्या विटा साफ करणाऱ्या टोळीत कामाला लागला, कारण नवं शहर त्याच विटांनी बांधायचं होतं. पहिल्या कविता त्याने सिमेंटच्या पिशवीच्या कागदावर लिहिल्या. पुढे रेल्वेचं वेळापत्रक छापणाऱ्या छापखान्यात प्रुफं तपासत तीस वर्षं काढली.

"म्हणून त्याच्या कवितेत यमक नाही, स्वल्पविराम नाही, काही नाही," काका सांगत होते. "गाडी किती वाजता येते, किती वाजता जाते, एवढंच. पण वाचल्यावर स्टेशनवर कोण उभं आहे ते दिसतं."

"पण का? म्हणजे वाय नॉट मेक इट ब्यूटिफुल?"

"युद्धाआधी मोठमोठे शब्द सगळ्यांनी वापरले, पोरी. मग माणसं वापरली. नंतर ते शब्द हातात घ्यायला त्याला लाज वाटायची."

सरकारी मंडळींनी त्याला सांगितलं, कारखान्यांवर आशादायक काहीतरी लिही. त्याने छापणंच बंद केलं. नऊ वर्षं टेबलाच्या खणात लिहीत राहिला. म्हातारपणी मोठा सन्मान झाला तेव्हा चार ओळींची एक कविता वाचून तो खाली बसला. टाळ्या कवितेपेक्षा लांबल्या म्हणून फार अवघडून गेला होता म्हणे. हे सांगताना काकांचा चेहरा असा फुलला होता की जणू ते त्या सभागृहात पहिल्या रांगेत होते.

काका त्या कवीसारखंच राहायचे. खोलीत एक खुर्ची. पाहुणा आला तर पाहुणा खुर्चीवर, काका पलंगावर. दुसरा पाहुणा आला तर काका उभे. वॉट्सअपवर त्यांचा मेसेज म्हणजे 'पोचलो' किंवा 'नको' किंवा 'पाठव'. सणासुदीच्या शुभेच्छांना ते 'मिळाल्या' असं उत्तर द्यायचे. लोक दुखावायचे. नंतर हसायला लागले.

एकाच बाबतीत त्यांचा हात सैल होता. खिडकीत मोठमोठ्या बरण्यांमध्ये ते मिठाच्या पाण्यात काकड्या घालायचे, त्या इन्स्पेक्टरने शिकवल्या होत्या तशा. त्यात भरपूर शेपू. "शेपूवर मनापासून प्रेम करणारे जगात दोनच," असं त्यांचं ठाम मत होतं, "आपण आणि पोलिश." वासाची तक्रार घेऊन व्हिलाचा पठाण वॉचमन वर आला. काकांनी त्याला खुर्चीवर बसवलं आणि एक काकडी भाकरीबरोबर दिली. दुसऱ्या आठवड्यात वॉचमन स्वतःची बरणी घेऊन आला.

दर दुसऱ्या रविवारी काका दुबईला मुहैस्नाहला जायचे. तिथल्या कामगारांच्या कॅम्पमध्ये त्यांच्या भागातली बरीच माणसं राहत होती. गवंडी, सुतार, सळया बांधणारे. त्यांचे फॉर्म भरून द्यायचे, मेसमध्ये जेवायचे आणि शब्द विचारायचे. विटेवर पसरतात त्याला काय म्हणता? माल. भिंत सरळ आहे हे कशाने बघता? ओळंब्याने. हे शब्द घेऊन ते परत यायचे. कवितेतला एखादा शब्द अडला की काका डिक्शनरी उघडायचे नाहीत, रविवारची वाट बघायचे. बावीस वर्षांत त्यांनी एकसष्ट कविता मराठीत आणल्या होत्या. त्या माणसांना मात्र एकही कविता वाचून दाखवली नव्हती. का, असं मी विचारलं तर म्हणाले, "अजून झाल्या नाहीत."

एका संध्याकाळी म्हणाले, "झाल्या." तेवढंच.

पुण्याचा एक प्रकाशक छापायला तयार होता. पण परवानगी हवी होती, आणि ती कवीच्या मुलीच्या हातात होती. ती एकटीच वारस. काकांनी तिला पत्र लिहिलं. तिचं उत्तर इंग्रजीत आलं, दोन वाक्यांचं. 'नाही. माझ्या वडिलांना लोकांनी पुरेसं सजवलं आहे.'

दोन भाषांतल्या भाषांतरकारांना तिने आधीच परत पाठवलं होतं. बावीस वर्षांचं काम त्या दोन वाक्यांवर अडकलं. आम्हाला वाटलं काका खचतील. ते पत्र घेऊन टेबलाटेबलाला फिरले. "वाचा. किती सुंदर लिहिलंय. एक शब्द काढून दाखवा." मॅनेजरनेही वाचलं आणि मान डोलावली. पण त्या दिवशी काकांनी डबा उघडला नाही, ते मी पाहिलं.

आठवडाभराने त्यांनी उत्तर पाठवलं. 'मी सजवलेलं नाही. ऐकून बघा.'

पुढचे तीन महिने काहीच नाही. मग कवीच्या मुलीचा मेल आला. बाईंचा मुलगा ऑस्ट्रेलियात होता, त्याच्याकडे जाताना त्या अबुधाबीत सात तास थांबणार होत्या. एअरपोर्टजवळच्या हॉटेलात या, असं लिहिलं होतं आणि अटी होत्या. एक माणूस आणा, जो पुस्तकं वाचत नाही आणि ज्याने या कविता कधी ऐकलेल्या नाहीत. एक कविता त्याला वाचून दाखवा. त्याने काय ऐकलं ते तो त्याच्या शब्दांत सांगेल. ते मला इंग्रजीत सांगायला दुसरं कोणी आणा. तुम्ही मध्ये बोलायचं नाही.

काकांनी मेल मला वाचायला दिला आणि म्हणाले, "दुसरं कोणी म्हणजे तू."

"काका, माय मराठी इज टेरिबल. तुम्हाला माहितीये. मी चुकले तर?"

"दुसरी माणसं आहेत, चांगलं मराठी येणारी. त्यांना विचारलं तर ती भर घालतील. मदत म्हणून घालतील. तुझ्याकडे शब्दच कमी आहेत. तू सजवणार कशानं?"

हा अपमान आहे की विश्वास, ते मला आजही ठरवता आलेलं नाही. पुढचे आठ दिवस मी घरी आईशी फक्त मराठीत बोलले. आईला आधी वाटलं माझं काहीतरी बिनसलंय.

ऐकणारा माणूस म्हणून काकांनी मुहैस्नाहच्या मारुतीला बोलावलं. मारुती गवंडी, चाळिशीचा, कराडच्या बाजूचा. शाळा चौथीपर्यंत. रविवारी सकाळी पहिल्या बसने दुबईहून आला, इस्त्रीचा शर्ट, केसांना तेल. मी त्याला माझ्या गाडीत घेतलं. वाटेत म्हणाला, "ताई, मला त्यातलं काय कळणार? काकांचं काम बिघडायचं."

"मला पण तेच वाटतंय," मी म्हणाले. काका मागच्या सीटवर वही मांडीवर घेऊन बसले होते.

बाई हॉटेलच्या लॉबीत कोपऱ्यातल्या टेबलाशी बसल्या होत्या. सत्तरीच्या पुढच्या, उंच, पांढरे बारीक कापलेले केस. काका त्यांच्याशी पोलिशमध्ये बोलले तेव्हा त्यांनी भुवया जराशा उचलल्या, तेवढंच. मग त्या माझ्याकडे वळून इंग्रजीत म्हणाल्या, "मी दातांची डॉक्टर होते. चाळीस वर्षं. मूळचा दात कुठला आणि बसवलेला कुठला, हे मला नुसतं ठोकून कळतं. चला, वाचा."

कुठली कविता ते त्यांनीच ठरवलं. मांडीवर मूळ पुस्तक उघडून तिच्यावर बोट ठेवलं. काकांनी वही उघडली. वाचलं, बसमध्ये बोलायचे त्याच आवाजात.

पडलेल्या घरांच्या विटा साफ करतो
जुना माल निघतो वीट राहते
एका विटेवर मांजराचा पंजा
वीट ओली होती तेव्हाचा
मुकादम म्हणतो लाव
पंजा खाली करून लावतो
दोरीला बरोबर बसली
पुढची वीट दे

बाईंचं बोट ओळीओळीने खाली सरकत होतं. काका थांबायचे तिथे बोट थांबत होतं. पण त्यांच्या चेहऱ्यावरून काही कळेना. त्या मारुतीकडे बघून म्हणाल्या, "विचार त्याला. काय ऐकलं?"

मारुती हात मांडीवर ठेवून बसला होता. "परत एकदा वाचता का, काका?"

काकांनी बाईंकडे पाहिलं. बाईंनी होकारार्थी मान हलवली. काकांनी परत वाचलं.

"घरं पडलीत," मारुती हळूहळू बोलायला लागला. "एक न्हाई, लई. त्यातल्या माणसांचं काय झालं ते हा सांगत न्हाई. त्याला सांगायचं न्हाई." तो थांबला. मी जेवढं कळलं तेवढं इंग्रजीत सांगितलं. छोटी छोटी वाक्यं. शब्द शोधायला वेळच नव्हता.

"ओल्या विटेवर मांजर चाललं होतं. आमच्याकडं भट्टीवर पण असं होतंय. कुत्री चालत्यात, कोंबड्या चालत्यात. ते मांजर आता न्हाई. ज्याच्या घरातलं होतं ती पण न्हाईत. पंजा तेवढा राहिलाय."

मी सांगितलं. बाई म्हणाल्या, "विचार, मग त्या माणसाने पंजा लपवला का? सगळे समीक्षक म्हणतात, त्याने आठवण गाडून टाकली. घाबरून."

मी हे मराठीत कसंबसं विचारलं. 'समीक्षक'ला शब्द सुचला नाही, म्हणून 'शिकलेले लोक' म्हणाले.

मारुती चक्क हसला. "लपवला? न्हाई ताई. पंजा विटेच्या पाठीवर असतोय. तो दाखवायचा तर वीट उभी लावावी लागंल. भिंत कच्ची ऱ्हाईल. त्यानं खाली करून लावली. खाली माल असतोय, ओला. माल पंजात शिरतोय. मग वाळला की ती वीट सगळ्यात घट्ट बसती. बाकीच्या सरकतील, ती सरकायची न्हाई." त्याने दोन्ही हातांचे तळवे एकावर एक दाबून दाखवले. "लपवलं कुठं? आता भिंत मांजरानं धरलीया."

मी बाईंकडे वळले. माझ्याकडे दुसरे शब्द नव्हते, म्हणून होते तेच म्हणाले. "द कॅट इज होल्डिंग द वॉल."

बाईंनी पुस्तक मिटलं. मारुतीने घाबरून माझ्याकडे पाहिलं, आपलं काही चुकलं का म्हणून. मग बाई काकांना पोलिशमध्ये काहीतरी विचारू लागल्या. काका दोनदा 'नाही' म्हणाले, तेवढा पोलिश शब्द मला एव्हाना येत होता.

मग बाईंनी माझ्याकडे वळून सगळं इंग्रजीत सांगितलं, मी ते मारुतीला सांगावं म्हणून. कवितेला आधी नववी ओळ होती. 'आता भिंत मांजराने धरली आहे.' ती कुठेच छापली गेली नाही. टाइप केलेला पहिला कागद त्यांच्या घरी, कपाटात आहे आणि तो घराबाहेरच्या कोणी पाहिलेला नाही; ही ओळ तुम्हाला माहीत होती का, हेच त्या काकांना विचारत होत्या. वडिलांनी ती ओळ काढली तेव्हा आई त्यांच्याशी भांडली. ही ओळ गेली तर कविता कोणालाच कळणार नाही, असं आईचं म्हणणं. वडील म्हणाले होते, गवंड्याला कळेल.

"साठ वर्षं झाली," बाई म्हणाल्या. "आई बरोबर होती असंच मला वाटत आलं."

मी हे मारुतीला मराठीत सांगितलं. या वेळी मला एकाही शब्दासाठी अडावं लागलं नाही. मारुती म्हणाला, "त्यांना सांगा, त्यांच्या वडलांनी काम केलेलं हाय. ऐकून लिहिलेलं न्हाई ते."

बाईंनी हॉटेलच्या कागदावर परवानगी लिहून दिली. एकसष्टच्या एकसष्ट कवितांची. बाकीच्या साठ मी ऐकणार नाही, म्हणाल्या, एक दात ठोकला की तोंड कळतं. मग उठून त्यांनी मारुतीचा हात दोन्ही हातांत धरला आणि तळव्यावरचे घट्टे अंगठ्याने चाचपले. काकांचा हात मात्र नुसता हलवला, बरोबरीच्या माणसाचा हलवतात तसा. काका पार्किंगपर्यंत ताठ चालत आले. गाडीत बसल्यावर म्हणाले, "आज जेवण माझ्याकडे," आणि रस्ताभर मोठमोठ्याने बोलत राहिले. मारुतीने मला हळूच विचारलं, "काका नेहमी एवढं बोलत्यात?" मी त्यांना एवढं बोलताना कधीच ऐकलं नव्हतं.

पुस्तक सहा महिन्यांनी आलं. प्रकाशकाला पुण्यात समारंभ करायचा होता, प्रमुख पाहुणे वगैरे. काकांनी कळवलं, 'मुहैस्नाह'. कॅम्प बॉसने रविवारी दुपारी मेस दिली. साठ-सत्तर माणसं आली, काही अंघोळ करून, काही कपडे धुता धुता उठून. मी आईला घेऊन गेले होते. खोक्याची चिकटपट्टी मारुतीने फाडली, हेच प्रकाशन. काका बाकावर उभे राहिले आणि कविता वाचू लागले.

पहिल्या दोन-तीन कवितांना कोणी काही बोललं नाही. मग मागून आवाज आला, "ती परत वाचा." त्यानंतर प्रत्येक कवितेनंतर कोणीतरी काहीतरी विचारायचं, दुसरं कोणीतरी उत्तर द्यायचं, वाद व्हायचा. काकांना मध्ये पडायची गरजच उरली नाही. एक सळई बांधणारा म्हणाला, ज्या कवितेत कवी चुकीचं छापलेलं वेळापत्रक जपून ठेवतो ती खोटी आहे, तसं कोणी ठेवत नाही. त्याच्यावर चारजण तुटून पडले. स्वयंपाकी पीठ लागलेल्या हातांनी दारात उभा होता, चूल बंद. एकसष्टही कविता वाचून झाल्या. काकांचा घसा बसला तेव्हा शेवटच्या पाच मारुतीने वाचल्या, अक्षरं लावत लावत, आणि कोणी घाई केली नाही.

संपल्यावर एका पोराने विचारलं, "हे कवी कुठल्या गावचे?"

काका बाकावरून उतरत होते. त्यांनी उत्तर द्यायला तोंड उघडलं, पण त्याआधी मारुती बोलला.

"आपल्याच कामावरचे," तो म्हणाला.

काकांनी ते खोडलं नाही.